नऊ मिनिटांचा वेढा

लाँड्रीतला मोठा ड्रम सकाळी साडेसहाला सुरू व्हायचा. त्याला वीज लागत नसे, कोळसा लागत नसे, वाफ लागत नसे. त्याला लागायचा एक माणूस, आणि तोही फक्त नऊ मिनिटं. नवी आलेली बाई हे ऐकून हसायची. मग दवाखान्याच्या चार मजल्यांच्या चादरींचा ढीग समोर येऊन पडला, की ड्रम कशावर चालतो याची चौकशी करायला तिला सवड राहत नसे. चालतोय ना, मग झालं.

ड्रम बांधला होता मास्तरांनी. एके काळी ते तंत्रशाळेत शिकवायचे, म्हणून मास्तर. त्यांनी एक सिद्धांत मांडला होता, की दोरीसारखा वेळेचाही वेढा घालता येतो आणि त्या वेढ्यावर यंत्र चालवता येतं. तंत्रशाळेत त्यांची इतकी थट्टा झाली, की शिपाईसुद्धा विचारायला लागला, "मास्तर, मग कालचा डबा आज परत खायला मिळेल का हो?" मास्तर शांतपणे म्हणायचे, "डबा नाही मिळणार. भूक मिळेल." शेवटी त्यांनी ती नोकरी सोडली. दवाखान्यानं लाँड्रीमागची अडगळीची खोली त्यांना दिली, आणि अकरा वर्षं खपून त्यांनी तिथे वेढा बांधला. पुढची वीस वर्षं ड्रम फिरत राहिला. कागदोपत्री मात्र त्याची नोंद 'तात्पुरती सोय' अशीच राहिली. वीस वर्षं तात्पुरती.

गेल्या हिवाळ्यात मास्तर गेले, आणि नऊ मिनिटांचं काम त्यांच्या धाकट्या बहिणीकडे आलं. मास्तरांची मुलगी तिला आत्या म्हणायची, म्हणून सगळी लाँड्रीच आत्या म्हणायला लागली. लाँड्रीच्या मुकादमबाई वयानं तिच्याहून चार वर्षांनी मोठ्या, पण त्याही आत्याच म्हणत.

काम दिसायला अगदी सोपं. मागच्या खोलीत जायचं, दार लावून घ्यायचं. आत ड्रमला जोडलेलं एक कमरेइतकं उंच लोखंडी चाक, एक स्टूल, भिंतीवर घड्याळ आणि एक फळी. चाकावर हात ठेवायचा, म्हणजे वेढा सुरू. आतल्या घड्याळात नऊ मिनिटं झाली की पुन्हा चाकावर हात ठेवायचा, म्हणजे वेढा पुरा. मग बाहेर यायचं. गंमत अशी की आतलं घड्याळ नऊ मिनिटं चालायचं आणि बाहेरचं एक क्षणही नाही. "दार लावलं काय नि उघडलं काय," मुकादमबाई म्हणायच्या, "मध्ये माझी जांभईसुद्धा पुरी होत नाही." तेवढ्यात इकडे ड्रम फिरायला लागलेला असायचा, आणि मग तो दुपारी साडेतीन-चारला आपणहून थांबायचा.

म्हणजे मास्तर होते तोवर. आता तो दुपारी एक वाजताच थांबायला लागला होता. मग बारा. या आठवड्यात पावणेअकरा.

आत्याला यातलं काही कळेना. कारण तिच्याइतकं नेमानं ते काम कुणीच केलं नसतं. मास्तरांच्या आजारपणात शेवटचे पंधरा दिवस ती त्यांच्याबरोबर आत जाऊन बसायची, आणि त्यांनी काय काय केलं ते तिनं मनात कोरून ठेवलं होतं. मास्तर आधी उजवा हात चाकावर ठेवायचे. मग स्टूलावर बसायचे, भिंतीकडे तोंड करून. दुसऱ्या मिनिटाला दोन घोट पाणी. चौथ्या मिनिटाला चष्मा काढून सदऱ्याच्या टोकानं पुसायचा. मग डोळे मिटून स्वस्थ बसायचं. नववं मिनिट आलं की "चला" म्हणून उठायचं.

आत्यानं ते जसंच्या तसं उचललं. तिला चष्मा नव्हता, देवदयेनं नजर अजून शाबूत होती, पण चौथ्या मिनिटाला ती पदराच्या टोकानं नसलेला चष्मा पुसायची. कुणाला दिसत नव्हतं म्हणून बरं. नेमात असल्या गोष्टींना हसायचं नसतं, असं तिचं मत. पन्नास वर्षं ती रोज पहाटे पाचला उठून, तोंडातून दुसरा शब्द काढायच्या आधी, आईनं शिकवलेली प्रार्थना म्हणत आली होती. ताप असो, प्रवास असो. नेम म्हणजे नेम.

आणि ड्रम जसजसा लवकर थांबायला लागला, तसतशी ती जास्त काटेकोर झाली. आपल्याच हातून काहीतरी निसटतंय, असं तिच्या मनानं घेतलं. पाण्याचे घोट मास्तर घ्यायचे तेवढेच मोठे घेतले. "चला" हा शब्दही त्यांच्यासारखा दमलेल्या आवाजात म्हटला. ड्रम दुसऱ्या दिवशी आणखी वीस मिनिटं आधी थांबला.

शनिवारी मुकादमबाईंनी कागद आणला. सोमवारी तपासनीस येणार. तीन दिवस बघणार. तिन्ही दिवस ड्रम दुपारी तीनपर्यंत फिरला तर राहील, नाहीतर चाक काढून मोटर बसवायची. कागदाखाली कारणाचा रकाना होता, आणि त्यात कुणीतरी आधीच पेन्सिलीनं लिहून ठेवलं होतं: 'मूळ सिद्धांत चुकीचा'.

"अजून बघितलंही नाही, नि चुकीचा," आत्या म्हणाली.

"अहो, पेन्सिलीनं आहे. पुसता येतं." मुकादमबाईंना वाईट वाटलं होतं, म्हणून त्यांचा आवाज आणखीच करकरीत झाला. "आणि मोटर आली तर कुणाचं काय बिघडणार आहे? माझ्या बायकांच्या हातांना फोड आलेत. पावणेअकरानंतरच्या चादरी कोण धुतं? तुमचा सिद्धांत?"

मोटरीनं चादरी चांगल्या धुतल्या जातील हे आत्याला कळत होतं; ती काही खुळी नव्हती. पण वेढा एकदा तुटला की पुन्हा बांधणारं कुणी उरलं नव्हतं. आणि दादाच्या एकतीस वर्षांपुढे कायमचं लिहिलं जाणार होतं, की माणूस चुकला होता. तंत्रशाळेतल्या शिपायाचंच खरं ठरणार होतं. तिला तेवढंच नको होतं.

"मी तर सगळं त्याच्यासारखंच करते," ती हळू आवाजात म्हणाली. "एक श्वास इकडचा तिकडे होऊ देत नाही."

"त्यांच्यासारखं म्हणजे कसं?"

आत्यानं सांगितलं. पाणी सांगितलं, स्टूल सांगितलं. चष्म्यापाशी जरा अडखळली, पण तेही सांगितलं. इस्त्रीवाली उशांचे अभ्रे दुमडता दुमडता थांबली. मुकादमबाईंनी तिच्याकडे बघितलं.

"काय गं, मास्तर आत चष्मा पुसत बसायचे?"

"मास्तर?" इस्त्रीवाली म्हणाली. "मास्तर एकदा आतून माझी फाटकी चप्पल शिवून घेऊन आले होते. नऊ मिनिटांत. आणि शिवली कसली, दोन्ही टोकं एकमेकांना."

"एकदा संत्रं खाऊन आले, हात चिकट," मुकादमबाई म्हणाल्या. "एकदा बाहेर आले ते डोळे लाल. बायको गेली त्या महिन्यात. एकदा आल्या आल्या मला म्हणाले, मुकादमबाई, मला शीळ घालता येते हे मला आजच कळलं. पन्नाशीला आलेला माणूस. अहो आत्या, तुम्ही बघितलं ते आजारी माणसाचं बघितलंत. त्या पंधरा दिवसांत त्यांच्यात दुसरं काही करायचं त्राणच नव्हतं." मग त्या थांबल्या. "आणि हो, त्या पंधरा दिवसांतही ड्रम लवकर थांबायचा. आम्ही म्हटलं, हातात जोर नाही म्हणून असेल."

आत्यानं पदर खोचला आणि ती घराकडे निघाली.

रविवारी लाँड्री बंद. भाची, म्हणजे मास्तरांची मुलगी, दवाखान्यात वरच्या मजल्यावर परिचारिका होती, तिलाही त्या दिवशी सुट्टी होती. दोघी दोन खोल्यांच्या घरात राहायच्या. बाहेरच्या खोलीत कपाटावर मास्तरांची जाड वही होती, स्वच्छ पांढऱ्या कापडात गुंडाळलेली. आत्या रोज सकाळी तिच्यावरची धूळ झटकायची आणि तिला हात लावून कामाला जायची. त्या दिवशी तिनं ती खाली काढली आणि भाचीपुढे ठेवली.

"ह्यात काय आहे, वाच बरं."

भाची बघतच राहिली. "तू अजून उघडलीच नाहीस?"

"मला वाटलं गणितं असतील. आणि त्याचं अक्षर."

"आत्या, बाबांनी ही वाचायला लिहिली होती, हात लावायला नाही."

"मग तू का नाही वाचलीस? तू तर शिकलेली."

"कारण तू तिला एवढं गुंडाळून ठेवलं होतंस, की मला वाटलं उघडली तर तू ओरडशील."

दोघींनी एकमेकींकडे बघितलं आणि हसू दाबलं. दोघी शहाण्या, आणि मधल्या मध्ये वही मात्र न वाचलेली.

गणितं होतीच. पण मास्तर शेवटी शिकवणारे, त्यामुळे दर पाच पानांनंतर 'म्हणजे काय' असं लिहून त्यांनी सोप्या शब्दांत समजावलं होतं. अक्षर मात्र मुंग्यांच्या रांगेवर पाणी पडल्यासारखं. भाची डॉक्टरांच्या चिठ्ठ्या वाचून सरावलेली, म्हणून निभावलं. तिनं एक पान मोठ्यानं वाचलं.

"'म्हणजे काय. लोकांना वाटतं, वेळ फिरून मागे येते आणि चाकाला धक्का देते. तसं नाही. आपण रोज नऊ मिनिटांचा एक वेढा चाकावर टाकतो. चाकाला एकच हौस आहे, की आजचा वेढा मागच्या वेढ्यांवर नीट बसवावा. तो बसत नाही, कारण आज म्हणजे काल नव्हे. तो बसवायला चाक फिरत राहतं. बसला की थांबतं. त्या खटपटीत आपल्या चादरी धुऊन निघतात.'"

आत्या ऐकत होती. "पुन्हा वाच."

भाचीनं पुन्हा वाचलं. मग पुढची ओळ: "'दोन वेढे हुबेहूब जुळले, तर काम शून्य.'"

नळाखाली बादली भरत होती, तिचा आवाज तेवढा चढत गेला. भाचीनं उठून नळ बंद केला.

"म्हणजे मी त्याला आयतं देत होते," आत्या म्हणाली. "जुळवलेलंच नेऊन देत होते. त्याला करायला काही ठेवतच नव्हते."

"तसंच काहीसं."

"मग एक दिवस आड बदलायचं. आज पाणी प्यायचं, उद्या नाही."

भाचीनं पान उलटलं. "तेही लिहिलंय. 'आलटून पालटून चालणार नाही. चाकाला मागचं सगळं आठवतं.'"

"बाई बाई," आत्या म्हणाली. पन्नास वर्षं एकाच वेळी उठणाऱ्या बाईला कुणी सांगावं की आता रोज नवं काहीतरी कर, म्हणजे मासोळीला झाडावर चढ म्हणण्यासारखं. पण सोमवार दारात उभा होता. भाचीनं तिला कागदावर यादी करून दिली. स्टूल उलट्या बाजूला ठेव. एखादं गाणं म्हण. शंभरपासून उलटे आकडे मोज. जमिनीवर बस. टाळ्या वाजव.

"टाळ्या कशाला?"

"तू आजवर कधी वाजवल्यास?"

"नाही."

"म्हणून."

सोमवारी तपासनीस सव्वासहालाच हजर झाला. पन्नाशीचा, बारीक, हातात फाईल. बोलायला सौम्य होता, आणि तेच मुकादमबाईंना खटकलं. "ओरडणारा असला की कळतं तरी काय चाललंय," त्या पुटपुटल्या. आत्या यादी मुठीत धरून आत गेली आणि दार लावलं.

चाकावर हात ठेवला. स्टूल फिरवलं. गाणं म्हटलं, दोन ओळी, तिसरी आठवेना. आकडे मोजले. टाळ्या वाजवल्या. जमिनीवर बसली. घड्याळात बघितलं तर साडेतीन मिनिटं झाली होती आणि यादी संपली होती.

ती तशीच जमिनीवर बसून राहिली. फरशी गार होती. आणि मग तिच्या ध्यानीमनी नसताना तिला भावाचा राग आला. ती कुणावर सहसा रागवायची नाही. रागावली तरी मनातल्या मनात, आणि संध्याकाळपर्यंत विसरून जायची. पण आता ती चक्क मोठ्यानं बोलायला लागली.

"पंधरा दिवस शेजारी बसले होते, दादा. एका शब्दानं सांगितलं नाहीस. इथं संत्री खात होतास, शीळ घालत होतास, आणि मी पदरानं वारा पुसतेय. लहानपणीसुद्धा असंच. पतंग कसा कापायचा ते सगळ्या गल्लीला शिकवलंस, मला सांगितलंस, तू फक्त फिरकी धर. मी फिरकी धरली. अजून धरून बसलेय. आता हातात दोरा दिलास तो तुटायला आल्यावर. वही लिहून ठेवलीस म्हणे. बहीण वाचणार नाही, कापडात बांधून ठेवेल, हे तुला माहीत नव्हतं? जन्मभर ओळखत होतास ना मला?"

हे शेवटचं बोलली आणि तिला हसू आलं, कारण तो ते नक्कीच ओळखून होता, आणि तरीही सांगायचं राहूनच गेलं होतं. ती हसतच होती तोवर घड्याळाचा काटा नववं मिनिट ओलांडायला आला. तिनं लगबगीनं उठून चाकावर हात ठेवला.

बाहेर ड्रम असा फिरायला लागला की पहिली चादर टाकताना इस्त्रीवाली मागे सरली. तो थांबला तीन वाजून पन्नास मिनिटांनी.

तपासनीसानं वेळ लिहून घेतली. "छान. आता उद्याही हेच करा. आजची कृती मला सांगा, मी लिहून घेतो."

"उद्या हेच केलं तर लवकर थांबेल," आत्या म्हणाली.

तपासनीसानं पेन खाली ठेवलं. आत्यानं त्याला वहीत होतं तसं सगळं सांगितलं. त्यानं ऐकून घेतलं.

"म्हणजे यंत्र सारखं चालावं म्हणून माणसानं सारखं वागायचं नाही."

"हो."

"आणि हे तुमच्या भावाचं म्हणणं कुणी मान्य केलं नाही, याचं तुम्हाला नवल वाटतं?"

"नवल नाही वाटत," आत्या म्हणाली. "वाईट वाटतं."

तपासनीसानं कान खाजवला. मग म्हणाला, "बाई, माझी एक अडचण आहे. एकाच माणसाच्या हातानं चालणारं यंत्र मला पास करता येत नाही. तुम्ही आजारी पडलात तर? उद्या दुसऱ्या कुणाला तरी पाठवा. परवा पुन्हा तुम्ही."

दुसरं कुणी म्हणजे कोण, यावर लाँड्रीत अर्धा तास काथ्याकूट झाला. इस्त्रीवालीनं साफ नाही म्हटलं. आत गेलं आणि बाहेर सगळे म्हातारे झाले असले तर, असं ती म्हणाली. "तू म्हातारी होशील, बाहेरचे नाही. आणि तेही नऊ मिनिटांनी," मुकादमबाईंनी समजावलं, आणि समजावता समजावता हे काम त्यांच्याच गळ्यात पडलं.

मंगळवारी मुकादमबाई कमरेला पदर खोचून आत गेल्या. दार लागलं, उघडलं. त्या बाहेर आल्या आणि कुणाशी काही न बोलता टेबलाशी जाऊन उभ्या राहिल्या.

"काय केलंत?" इस्त्रीवालीनं विचारलं.

"काही नाही. गप्प बसले."

"नऊ मिनिटं? तुम्ही?"

"बोलायचं कुणाशी? चाकाशी?" मग जरा वेळानं, नेहमीच्या आवाजात नव्हे, "मला वाटत होतं, गप्प बसलं की डोक्यात कामंच येतील. नाही आली."

त्या दिवशी ड्रम चारला पाच मिनिटं कमी असताना थांबला. इस्त्रीवालीच्या म्हणण्याप्रमाणे मुकादमबाईंचं गप्प बसणं चाकानं आयुष्यात कधी बघितलं नव्हतं, त्याला ते कुठे बसवावं कळेना.

राहिला बुधवार. आत्यानं भाचीला यादी करू दिली नाही. यादी म्हणजे दुसरा नेमच, हे तिला कळलं होतं. आणि रागही रोज रोज कुठून आणणार? सोमवारी भावाशी बोलून झालं होतं. चाकाला मागचं सगळं आठवतं. ती मोकळ्या हातांनी आत गेली. स्टूलावर बसली. काय करावं हे कळेना, तेव्हा तिनं तिला जे येत होतं ते केलं. आईनं शिकवलेली प्रार्थना म्हणायला घेतली. या खोलीत ती कधी म्हटली नव्हती. तिची जागा घरातली, वेळ पहाटेची.

शब्द आपोआप यायला लागले. पन्नास वर्षांचे शब्द ते, त्यांना बोलवावं लागत नाही. ती म्हणत होती आणि मन दुसरीकडेच होतं: तीन वाजतील का, तपासनीसाचा चेहरा सरळ आहे की वाकडा, मोटर आली तर ह्या चाकाचं काय करतील. असं म्हणता म्हणता प्रार्थनेत एक ओळ आली, 'जे दिलंस ते पुरे आहे'. ही ओळ तिनं हजारो वेळा म्हटली होती. आज ती तिथे थांबली. पुरे आहे का, असं तिनं स्वतःला विचारलं. भाऊ गेला. सिद्धांत राहिला की जातो ते माहीत नाही. पुरे आहे का? उत्तर लगेच आलं नाही. ती उत्तराची वाट बघत बसली, घाई न करता. मग पुन्हा पहिल्या शब्दापासून म्हणायला लागली, एकेक शब्द उचलून बघत, आई कुठे आवाज खाली आणायची ते आठवत. नववं मिनिट कधी आलं ते घड्याळानंच सांगितलं.

ड्रम सुरू झाला. नीट फिरत होता. दोन वाजले. अडीच झाले. पावणेतीनला त्याची गती मंदावली, आणि बायका हातातली कामं टाकून भोवती जमल्या. शेवटच्या चादरी आत एकदा वर गेल्या, खाली पडल्या, पुन्हा अर्ध्यावर गेल्या. ड्रम थांबला.

तपासनीसानं घड्याळ बघितलं. "तीनला पाच कमी."

मुकादमबाई पुढे आल्या. "पाच मिनिटं, साहेब. पाच मिनिटांत काय होतं?"

"थांबा मुकादमबाई," आत्या म्हणाली. मग तपासनीसाला म्हणाली, "पाच मिनिटं कमीच आहेत. का कमी पडली ते मला माहीत आहे. ते लिहून घ्याल?"

"सांगा."

"आत मी प्रार्थना म्हटली. पण सुरुवातीची तीन मिनिटं मी नुसती तोंडानं म्हणत होते. मन इथं तुमच्याकडे होतं. तशी नुसत्या तोंडानं म्हणायची मला जुनी सवय आहे, आता कळतंय. नुसतं तोंड चालवून बसणं ह्या चाकानं माझं इतके महिने बघितलंय. शब्द वेगळे, बसणं तेच. त्याला ते जुळवायला वेळ लागला नाही. पुढची सहा मिनिटं मात्र मी तिथं होते. मी त्याला फसवू शकले नाही. माझा भाऊ म्हणाला होता तसंच झालं. मी कमी पडले, साहेब. सिद्धांत नाही कमी पडला."

तपासनीसानं पेन उचललं. त्यानं फाईल उघडली. कारणाच्या रकान्यात छापलेले दोनच पर्याय होते: 'सिद्धांत' आणि 'सुटे भाग'. तो त्यांच्याकडे बघत राहिला.

"ह्यात माणूस नाहीच," तो म्हणाला.

"मग वाढवा," मुकादमबाई म्हणाल्या. "पेन तुमच्याच हातात आहे."

त्यानं खिशातून खोडरबर काढून पेन्सिलीचं लिहिलेलं नीट पुसलं, त्यावरची भुकटी फुंकली, आणि समासात शाईनं लिहायला लागला. लिहून झाल्यावर कागद आत्यापुढे धरला. तिला वाचता येत होतं, पण ती म्हणाली, "तुम्हीच वाचा."

"'सिद्धांत बरोबर,'" त्यानं वाचलं. "'सकाळचं काम एकाच व्यक्तीवर टाकू नये. किमान पाच जणींनी पाळीपाळीनं करावं. मोटरीची गरज नाही.'"

"पहिले दोन शब्द पुन्हा वाचता का?"

"'सिद्धांत बरोबर.'"

आत्यानं मान हलवली. मुकादमबाई तोवर पाच जणींची नावं बोटांवर मोजायला लागल्या होत्या, आणि इस्त्रीवाली दूर सरकत भिंतीला टेकली होती.

"तू शुक्रवारी," मुकादमबाई तिला म्हणाल्या.

"मी आत जाऊन करू काय?"

"ते मला विचारायचं नाही. आत्यालाही नाही. आत्या, त्या ओल्या चादरींचं दुसरं टोक धरा, पिळून काढू. तीन वाजले."

आत्यानं टोक धरलं. दोघींनी उलटसुलट पीळ दिला, आणि पाणी धारेनं खाली बादलीत पडायला लागलं.